उभ्या रेषेचा चढ

नाना गेल्याची बातमी त्यांच्या स्वयंपाकीणबाईंनी आणली. सकाळी मी ओट्यावर तांदूळ निवडत बसले होते. बाई पंचवटीतून पूल ओलांडून रविवार कारंज्यापर्यंत पायी आल्या होत्या, त्यांना धाप लागली होती. पदरानं तोंड पुसत त्या म्हणाल्या, "इंदूताई, नाना गेले हो." आणि माझ्या तोंडून काय निघावं? "नक्की ना?" बाई माझ्याकडे बघतच राहिल्या. मी सूप आत नेऊन ठेवलं, लुगडं बदललं आणि त्यांच्याबरोबर निघाले. वाटेत रडले नाही. आज महिना होऊन गेला, अजून रडलेले नाही, आणि आता रडेन असं वाटत नाही.

वर्तमानपत्राच्या रविवार पुरवणीच्या संपादकांचा निरोप आला, की पंचवटीतल्या कितीतरी मॅट्रिकवाल्यांना नानांनी गणित शिकवलं, तेव्हा तुम्ही पुतणी या नात्यानं चार गोड आठवणी लिहून द्या. आठवणी काय, हव्या तितक्या देते. गोड मागाल तर पंचाईत आहे. गेलेल्या माणसाबद्दल चांगलंच लिहायचं असतं, असं माझ्या सासूबाईही बजावून गेल्या. पण नानांनी जिवंत माणसांबद्दल कधी चांगला शब्द काढला नाही, त्यामुळे माझ्याकडून त्यांनी तशी अपेक्षा केली असेल असं मला वाटत नाही. दहाव्याला घाटावर त्यांचे जुने विद्यार्थी जमले होते. जो तो म्हणत होता, नाना कडक होते, पण शिस्त लावली हो त्यांनी. मी ऐकून घेतलं. शिस्त हा शब्द फार सोयीचा आहे, त्याखाली काहीही झाकून ठेवता येतं.

नाना म्हणजे माझ्या वडिलांचे, आप्पांचे, थोरले भाऊ. सरकारी हायस्कुलात गणित शिकवायचे, तिथे हेडमास्तरांशी बिनसलं म्हणून नोकरी सोडली आणि पंचवटीतल्या घराच्या पडवीत मॅट्रिकच्या मुलांची शिकवणी सुरू केली. शिडशिडीत, उंच, पांढरं स्वच्छ धोतर, नाकाशी तपकीर. आवाज कधी चढवायचे नाहीत. ज्यांना वाटतं की दुष्ट माणसं आरडाओरडा करतात, त्यांनी नानांना पाहायला हवं होतं. शिकवण्यात मात्र त्यांचा हात धरणारा नाशिकात कोणी नव्हता, हे मी आजही कबूल करते, आणि ते कबूल करताना माझ्या जिवावर येतं.

चढ म्हणजे काय, हे त्यांनी मला आणि मालूला पांडवलेण्यावर शिकवलं. मालू म्हणजे मालती, नानांची एकुलती एक मुलगी, माझ्याच वयाची. आम्ही परकर-पोलक्यात होतो. चैत्राचं ऊन होतं, टांगा खाली उभा होता आणि नाना आम्हाला पायऱ्यांवर थांबवून समजावत होते, की टेकडी उंच आहे म्हणून तिचा चढ मोठा असतो असं नाही. आडवं किती चाललीस आणि तेवढ्यात वर किती गेलीस, त्याचा भागाकार म्हणजे चढ. मग काडीनं मातीत दोन रेषा ओढल्या. दोघींचा चढ एकच. म्हणाले, यातली एक इथं काढा आणि दुसरी त्र्यंबकला काढा, चढ तोच असेल तर जन्मात भेटायच्या नाहीत, त्या समांतर. मग तिसरी रेषा ओढली. पहिलीचा चढ उलटा करायचा, म्हणजे दोनास एक असेल तर एकास दोन, आणि चिन्ह बदलायचं, की झाली लंब रेषा. दोन चढांचा गुणाकार उणे एक आला की डोळे मिटून सांगा, लंब. मला आठवतं, ती तीन रेषांची माती बघताना अंगावर काटा आला होता... एवढी मोठी गोष्ट इतकी सोपी! आणि मग नानांनी पाण्याचा तांब्या काढला. जी गणित सोडवेल तिला पाणी. मालूनं सोडवलं, तिला पेला मिळाला. माझं चुकलं. मालूनं अर्धा पेला पिऊन उरलेला माझ्यापुढे केला, तर नानांनी तो तिच्या हातातून अलगद घेतला आणि पायरीवर ओतून टाकला. रागावले नाहीत. दगड तापलेला होता, पाणी बघता बघता वाळलं.

त्यांच्या शिकवण्याची एक रीत होती. मुलांनी आधी पेन्सिलीनं आकृती काढायची, उदाहरण सोडवायचं, आणि सगळं झालं की वरून शाई फिरवायची. शाई फिरेपर्यंत नाना बोलायचे नाहीत. तुम्ही पहिल्या ओळीत चूक केलीत की त्यांना ती तिथंच दिसायची. ते खुर्ची जवळ ओढायचे, हनुवटीखाली हात घ्यायचे आणि तुमच्या कागदाकडे बघत बसायचे. दुसरी ओळ, तिसरी ओळ, आकृती, नावं, सगळं होऊ द्यायचे. शेवटच्या रेषेवर शाई वाळली, की तांबडी पेन्सिल घेऊन पहिल्या ओळीवर फुली मारायचे आणि कागदाचे चार तुकडे करून तुमच्याच हातात द्यायचे. लवकर सांगितलं तर पोरं विसरतात, असं त्यांचं म्हणणं. असेलही. पण मी त्यांच्या शेजारी बसून त्यांचा चेहरा पाहिलेला आहे. खीर खाताना माणसाचा होतो तसा व्हायचा.

आलेखाचे कागदही त्यांनी मुद्दाम वाईट घेतलेले. कुठल्याशा छापखान्यानं छापताना चौकोन जरा उभट छापले होते, शाळेनं ते परत केले, नानांनी तो गठ्ठा घरी आणला. त्या कागदावर खरोखर लंब असलेल्या रेषा तिरप्या दिसायच्या आणि ज्या लंब नाहीत त्या काटकोनात दिसायच्या. जो मुलगा डोळ्यानं बघून किंवा गुण्या लावून उत्तर देई तो हमखास फसायचा. चौकोन मोजा, चढ काढा, चढ खोटं बोलत नाही, हे त्यांचं पालुपद. "दिसतंय" हा शब्द त्यांच्या पडवीत शिवीसारखा होता. सखाराम म्हणून मखमलाबादच्या मळ्यातला एक मुलगा होता, त्याच्या घरची माणसं फुलं आणि भाजी बाजारात विकायची. पहाटे टोपल्या पोचवून तो शिकवणीला यायचा, त्यामुळे जरा पेंगायचा. एकदा त्यानं बाकाखाली गुण्या लावताना नानांनी पाहिलं. म्हणाले, तुला मापायचीच हौस आहे ना, मग जा, घाटाच्या सगळ्या पायऱ्यांची उंची आणि रुंदी मापून ये, प्रत्येकीचा चढ काढ, आणि चपला इथंच ठेव. वैशाखातली दुपार, काळा दगड. सखाराम परत आला तेव्हा त्याचे तळवे फोडांनी भरले होते. नानांनी त्याचा कागद तपासला, त्यातली एक चूक काढली आणि ती एक पायरी पुन्हा मापायला पाठवलं.

घरातही हीच रीत. काकू, म्हणजे मालूची आई, दिवाळीत ठिपक्यांची फार सुरेख रांगोळी काढायची. एका दिवाळीला नाना उंबऱ्यात उभे राहून बघत होते. काकूनं ठिपके दिले, रेषा जोडल्या, रंग भरले, कंबर धरून उठली. तेव्हा नाना म्हणाले, वरून तिसऱ्या ओळीत एक ठिपका सरकला आहे, त्यामुळे या दोन रेषांचा चढ सारखा नाही, समांतर समजून काढल्या आहेस त्या पुढे कुठंतरी भेटणार. मग आत जाऊन फराळाला बसले. काकू तिथंच उभी राहिली. त्यानंतर तिनं दारात नुसती स्वस्तिकं काढली, आणि दोन वर्षांत ती टायफॉइडनं गेली.

काकू गेल्यावर सगळं घर मालूवर आलं. सकाळचा स्वयंपाक, नानांचं सोवळं, त्यांची पथ्यं, शिकवणीच्या मुलांना पाणी, आणि हे करून ती कन्याशाळेत जायची. गणितात ती पडवीतल्या सगळ्या मुलांच्या पुढं होती. मी म्हणते म्हणून नव्हे, नानाच म्हणायचे. म्हणजे तिच्यापुढं नाही म्हणायचे, इतरांना हिणवण्यापुरतं. पोळ्या लाटताना ती बसल्या जागेवरून पडवीतल्या मुलांना उत्तरं सांगायची, आणि नाना मुलांना म्हणायचे, चुलीपुढची पोर सांगते ते तुम्हाला येत नाही, जा, बांगड्या भरा. मालू मॅट्रिक झाली तेव्हा गणितात तिचे इतके मार्क होते की आप्पा पेढे घेऊन धावत गेले. ते वर्ष सत्याग्रहाचं होतं, आमच्या गावचा तुरुंग माणसांनी भरून वाहत होता, बायकाही पिकेटिंगला जात होत्या, आणि मला वाटत होतं की आता कोणीच कोणाला अडवणार नाही. माझी अक्कल तेवढीच!

मालूला पुण्याला कॉलेजात जायचं होतं. गणित घेऊन बी. ए. व्हायचं होतं. दुसरं तिनं आयुष्यात काही मागितलं नाही. कन्याशाळेच्या मोठ्या बाईंनी वसतिगृहात जागेची सोय केली होती, आप्पांनी फी भरतो म्हणून सांगितलं. दोघांनी मिळून नानांना इतकं धरलं, की सरळ नाही म्हणायला त्यांना तोंड उरलं नाही. मग नाना म्हणाले, मी तिची परीक्षा घेतो. कॉलेजात जे शिकवतात त्यातलं देतो, रेषा आणि त्यांचे चढ. सगळं बरोबर आलं तर जाऊ दे. एक चुकलं तर तिचा पाया कच्चा आहे, पुण्याला जाऊन घराण्याचं नाव घालवेल. आप्पा आणि बाई आनंदानं कबूल झाले. मालूचं एक उदाहरणही चुकणार नाही, याची सगळ्यांना खात्री. मी तर तिच्यासाठी माझी ट्रंकसुद्धा झाडून ठेवली होती.

रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर माजघरात पाट मांडला. आप्पा, मोठ्या बाई, मी आणि नाना. मालूनं स्वयंपाकघर आवरून, हात पुसून, तोच उभट चौकोनांचा कागद पुढे घेतला. नानांनी बिंदू सांगितले. पहिली रेषा एक, दोन पासून पाच, चारपर्यंत. मालूनं चौकोन मोजले, चार आडवे, दोन वर, चढ एक छेद दोन. दुसरीचाही एक छेद दोन. समांतर. तिसरीचा चढ उणे दोन आला. गुणाकार उणे एक, पहिल्या दोघींना लंब. कागदावर ती रेषा चांगलीच कललेली दिसत होती, दुसरी एखादी डळमळली असती, मालू डळमळली नाही. मग नानांनी शेवटची जोडी सांगितली. एक रेषा तीन, एक पासून तीन, सहापर्यंत, दुसरी शून्य, चार पासून सात, चारपर्यंत. म्हणजे एक सरळ उभी, एक सरळ आडवी. मालू जराशी थांबली. मग तिनं लिहिलं, की पहिल्या रेषेत आडवं चालणं शून्य आहे, शून्यानं भागता येत नाही, म्हणून तिला चढ नाही. दुसरीचा चढ शून्य. गुणाकाराचा नियम इथे लागू होत नाही, तरी रेषा लंब आहेत. आणि तिनं दौत पुढे ओढून शाई फिरवायला घेतली. नाना रिवाजाप्रमाणे गप्प होते. खिडकीबाहेर कडुनिंबावर कावळ्यांचं काहीतरी चाललं होतं, तिकडे बघत होते. मी आप्पांना डोळ्यांनी खुणावलं, जमलं.

शाई वाळली. नानांनी तांबडी पेन्सिल घेतली आणि शेवटच्या उत्तरावर फुली मारली.

"लंब कशावरून?" त्यांनी विचारलं.

"एक उभी आहे, एक आडवी," मालू म्हणाली.

"असं दिसतंय तुला. मी नियम काय शिकवला?"

"चढांचा गुणाकार उणे एक. पण नाना, इथं पहिलीला चढच..."

"चढ नाही, म्हणून गुणाकार नाही. गुणाकार नाही, तर लंब म्हणायचा अधिकार नाही. डोळ्यानं बघून लिहिलंस तू. इतकी वर्षं शिकवून शेवटी डोळ्यानंच बघितलंस."

माझा संताप संताप झाला. मी विचारलं, मग ही भिंत आणि ही जमीन, यांचं काय? त्या लंब नाहीत तर घर उभं कसं राहिलं? नाना माझ्याकडे न बघता मोठ्या बाईंना म्हणाले, ही मॅट्रिकला गणितात नापास झालेली, हिचं मत आपण जरूर विचारात घेऊ. बाई ओशाळं हसल्या. त्या मराठी शिकवायच्या, गणितातलं नाना जाणोत म्हणाल्या. आप्पांनी मान खाली घातली, थोरल्या भावापुढं ते जन्मभर मान खालीच घालत आले. मालूनं दौतीचं झाकण लावलं, टाक पुसला आणि बाईंना विचारलं, चहा आणखी घेणार का? नानांनी कागदाचे चार तुकडे केले आणि तिच्या हातात दिले. तिनं ते नेऊन चुलीत घातले, कारण चहाला जाळ हवा होता.

पुढचं सांगण्यासारखं नाही, तरी सांगते. नानांना वाटलं होतं मुलगी घरात राहील आणि त्यांचं सगळं करील. पण लग्नाची मुलगी घरात ठेवून बाप तिच्या हातचं खात बसलाय, असं नातेवाईक उघड बोलायला लागले, आणि लोकांना नाना भीत असत, हे थोड्यांनाच माहीत आहे. वर्षाच्या आत नांदगावच्या कचेरीतल्या एका कारकुनाचं स्थळ आलं आणि मालूला त्यांनी देऊन टाकलं. माणूस वाईट नाही. बोलत नाही, मारत नाही, पितही नाही. पण सासूनं पहिल्याच आठवड्यात तिच्या ट्रंकेतली पुस्तकं काढून माळ्यावर टाकली आणि मालूनं ती पुन्हा खाली आणली नाहीत. पुण्याला गेली असती तर सुट्टीत तरी घरी आली असती. नांदगावहून ती सणालाही यायची नाही. नानांनी स्वयंपाकीण ठेवली, तिच्या आमटीला नावं ठेवत जेवले, आणि आल्यागेल्याला सांगत राहिले, की पोरीला शिकवण्यात अर्थ नसतो, ऐन वेळेला डोळ्यानं बघते.

त्या परीक्षेबद्दल मी पुष्कळ वर्षं मनात घोळवत होते. मला गणित येत नाही, तेव्हा नानांचं खरं असेल, नियम म्हणजे नियम, असं मी स्वतःला समजावायची. पण भिंत काही डोळ्यांपुढून जायची नाही. गेल्या श्रावणात नानांच्या पायांवर सूज आली, दम लागायला लागला, डॉक्टरांनी मान हलवली. मी एक दिवसाआड जायची. प्रेमानं नव्हे, आप्पांना जिना चढवत नव्हता म्हणून. एके दिवशी मी औषध मोजत होते आणि सखाराम आला. तोच, घाटाच्या पायऱ्या मापणारा. आता चांदवडला शाळेत गणित शिकवतो, अंगात कोट, पण हातात मळ्यातल्या दोडक्यांची टोपली. नानांच्या पायांशी बसून तो भाबडेपणानं म्हणाला, "नाना, मी पोरांना उभी रेष पहिल्या दिवशीच वेगळी काढून देतो. तिला चढ नाही, तिला नियम लावायचा नाही, ती आडवीला लंब असतेच. तुम्ही आम्हाला ती कधी सांगितलीच नाय. कॉलेजात प्रोफेसरांपुढं माझी लय फजिती झाली."

नाना उशीवर जरा वर सरकले. म्हणाले, "सांगितली नाही म्हणजे मला येत नव्हती का? तुझ्या जन्माच्या आधीपासून मला माहीत आहे."

माझ्या हातातला पेला तसाच राहिला. मी विचारलं, "मग मालूचं उत्तर?"

"बरोबर होतं."

इतकं सरळ म्हणाले, की सखारामला काही कळलंच नाही. मी त्याच्या देखतच विचारलं, आणि तिनं लंब नाहीत असं लिहिलं असतं तर? नाना माझ्याकडे बघून हसले. हसले हो! म्हणाले, तर तुझी भिंत मी दाखवली असती. म्हणजे ती पोरगी काहीही लिहिती तरी फुली ठरलेली होती. म्हणाले, बाकी कुठल्या उदाहरणात ती अडलीच नसती, म्हणून ते निवडलं. "ती गेली असती तर माझं कोण बघणार होतं? तू?" मी म्हटलं, नाना, तुम्ही गेलात ना, तर मी रडणार नाही. ते म्हणाले, "नको रडूस. औषध दे, वेळ होऊन गेली." आणि मी दिलं. औषध नाकारायला तेवढी मी त्यांच्या शाळेत शिकले नव्हते. सखाराम उठला, टोपली तिथंच ठेवली, आणि पाया न पडता जिना उतरून गेला. पुढच्या आठवड्यात नाना गेले.

मालू दिवसांना आली, बरोबर तिची मुलगी, सहा-सात वर्षांची, चुणचुणीत. घाटावरचं सगळं उरकल्यावर आम्ही दोघी वरच्या खोलीत नानांचं अंथरूण-पांघरूण आवरत होतो. खोलीत अजून तपकिरीचा वास भरून होता. खिडकीशी त्यांची खुर्ची तशीच, तिच्यावर त्यांनी पाठ टेकून टेकून लाकूड काळं पडलेलं. कोणी तिच्यावर बसायला धजत नव्हतं, लहान मुलंसुद्धा वळसा घालून जात होती. मी दार लोटलं आणि मालूला सगळं सांगितलं. आता ती कोसळणार आणि मी तिला धरणार, असं मी मनाशी ठरवून ठेवलं होतं. ती चादरीची घडी घालत होती. घडी पुरी केली.

"मला तेव्हाच माहीत होतं," ती म्हणाली.

मला वाटलं, ती मानभावीपणा करते आहे. मी जरा तडकूनच विचारलं, मग तोंड का शिवलं होतंस? तिनं दुसरी चादर घेतली, एक टोक माझ्या हातात दिलं आणि शांतपणे सांगितलं, की मुलाचं चुकत असलं की नाना कागदावरून नजर काढायचे नाहीत. मी शाई फिरवत होते आणि ते खिडकीबाहेर कावळे बघत होते. तेव्हाच मला कळलं, माझं बरोबर आहे. मग त्यांनी फुली मारली, तेव्हा दुसरंही कळलं. "वाद घालून काय केलं असतं, इंदू? मी ते पटवून दिलं असतं तर त्यांनी पुढच्या रविवारी दुसरी परीक्षा घेतली असती." एवढी वर्षं ती हे नांदगावला एकटी घेऊन बसली होती, आणि मी इथं भिंतीकडे बघत नानांना संशयाचा फायदा देत होते. माझा राग मला कुठं ठेवावा कळेना. मी म्हटलं, पुरवणीवाल्यांचा निरोप आला आहे, मी हे सगळं छापून आणते. घाटावर शिस्तीचं कौतुक करणाऱ्यांना कळू दे. तुझं उत्तर बरोबर होतं, हे अख्ख्या नाशिकला कळू दे.

खाली अंगणात मालूची मुलगी कोणाला तरी पाढे म्हणून दाखवत होती, तिकडे तिचा कान होता.

"बाकीचं सगळं लिही," ती म्हणाली. "माझं बरोबर होतं, तेवढं लिहू नकोस."

"का म्हणून?"

"ही आता वाचायला लागली आहे. बरोबर असलं की जाऊ देतात, असं वाटेल तिला."

मी तिचं ऐकलेलं नाही. वर लिहिलं आहे आणि त्या पोरीसाठी इथं पुन्हा लिहिते... तुझ्या आईचं उत्तर बरोबर होतं, आणि तिला जाऊ दिलं नाही.